पोलस नेमका कुठे हरला?

प्लेटोच्या 'गॉर्गियस' या संवादात एक छोटासा प्रसंग आहे, छापील पानं मोजली तर जेमतेम दोन-तीन. पोलस नावाचा तरुण वक्तृत्वशिक्षक ठासून सांगतो की अन्याय करण्यापेक्षा अन्याय सोसणं जास्त वाईट. सॉक्रेटीस त्याला मोजके प्रश्न विचारतो, आणि पोलसच्याच तोंडून बरोबर उलटा निष्कर्ष बाहेर पडतो. तेव्हापासून वाचकांची अडचण अशी की निष्कर्ष खरा असावा असं मनापासून वाटतं, पण वाटेत पोलसच्या हातून काहीतरी निसटलं ही शंकाही पाठ सोडत नाही.

प्रश्नोत्तरांतून वाद घालण्याची ग्रीक कला, ज्याला ते डायलेक्टिक म्हणत, ती समजून घ्यायची तर मला हे प्रकरण सर्वांत उपयोगी वाटतं. इथे डाव कोणत्या उत्तराला फिरला ते बोट ठेवून दाखवता येतं.

गॉर्गियस हा नामवंत वक्ता सिसिलीतल्या लिओंटिनीचा. इ.स.पू. ४२७ मध्ये तो आपल्या नगराचा राजदूत म्हणून अथेन्सला आला आणि त्याच्या भाषणांनी शहराला भुरळ घातली. संवादात तो कॅलिक्लीस नावाच्या महत्त्वाकांक्षी अथेनियन तरुणाकडे उतरलेला आहे, नुकतंच त्याचं जाहीर भाषण झालंय आणि सॉक्रेटीस कैरेफॉन या मित्रासह उशिरा पोचतो. पोलस हा सिसिलीतल्याच अक्रागासचा, गॉर्गियसचा चेला. वक्तृत्वावर त्याने पुस्तक लिहिलंय आणि सॉक्रेटीसने ते वाचलंय. हे सगळं नक्की कोणत्या वर्षी घडतं ते जुळवायला जाऊ नये. अथेन्सचा पुढारी पेरिक्लीस 'नुकताच' गेलाय (तो ४२९ मध्ये वारला), आणि मॅसिडोनियाच्या गादीवर मात्र आर्केलाओस आहे, जो ४१३ नंतरचा. प्लेटोला इथे इतिहास लिहायचा नव्हता. महत्त्वाचं इतकंच की हे बोलणं चारचौघांत, भाषण ऐकायला जमलेल्या लोकांसमोर चाललंय.

पोलस पहिल्यांदा तोंड उघडतो तेव्हाच त्याची पुढची गत दिसायला लागते. कैरेफॉन साधं विचारतो की गॉर्गियसची कला कोणती. पोलस एक नटवं वाक्य फेकतो: अनुभवातून माणसांनी अनेक कला शोधल्या, आणि गॉर्गियसची कला त्यांतली सर्वश्रेष्ठ. सॉक्रेटीस म्हणतो, कला कशी आहे असं कुणी विचारलंच नव्हतं, कोणती आहे असं विचारलं होतं; तू तर कुणी तिची निंदा केल्यासारखी तिची स्तुती करतोयस. पोलसला भाषण येतं, उत्तर देणं येत नाही.

उत्तर देणं हीही एक कला आहे, हे आपण सहसा विसरतो. या खेळात दोन बाजू असतात. उत्तर देणारा एक विधान स्वीकारतो आणि ते सांभाळतो. विचारणारा असे प्रश्न विचारतो ज्यांना 'हो' किंवा 'नाही' म्हणता येईल, आणि मिळालेल्या होकारांतूनच मूळ विधानाच्या विरोधातला निष्कर्ष उभा करतो. विचारणाऱ्याने स्वतःच्या पदरचं काहीही घालायचं नसतं. पुढे अ‍ॅरिस्टॉटलने 'टॉपिक्स'च्या आठव्या पुस्तकात याचे रीतसर नियम लिहिले. त्याच्या मते विचारणाऱ्याचं काम म्हणजे उत्तर देणाऱ्याला त्याच्या विधानातून अटळपणे निघणारी, न पटणारी गोष्ट बोलायला लावणं. उत्तर देणाऱ्याचं काम म्हणजे ती अडचण आपल्यामुळे आली नाही, विधानातच होती, असं दिसेल अशा रीतीने खेळणं. म्हणजे चुकीचं विधान सांभाळतानाही चांगला उत्तरदाता असू शकतो. पोलस तसा नव्हता, आणि या प्रकरणाचं मर्म मला तिथेच दिसतं.

वादाला तोंड फुटतं ते सत्तेवरून. पोलसचं म्हणणं, हुकूमशहासारखा सुखी कोण? हवं त्याला मारावं, लुबाडावं, हद्दपार करावं. सॉक्रेटीस म्हणतो की अन्यायाने हे करणारा माणूस दयनीय आहे. पोलस चकित होतो आणि आर्केलाओसची गोष्ट सांगतो. ती त्याने फार परिणामकारक सांगितली आहे. आर्केलाओस हा राजा पर्डिकसचा मुलगा, पण आई पर्डिकसच्या भावाची, अल्केटासची, दासी. न्यायाने पाहिलं तर तो अल्केटासचा गुलामच असायचा. त्याने या काकाला, त्याच्या मुलासकट, घरी पाहुणचाराला बोलावलं, दारू पाजून झिंगवलं, गाडीत टाकलं आणि रात्री बाहेर नेऊन दोघांचा काटा काढला. राहिला पर्डिकसचा औरस मुलगा, सात वर्षांचा, गादीचा खरा वारस. त्याला विहिरीत ढकललं आणि त्याच्या आईला, क्लिओपात्राला, सांगितलं की हंसामागे धावता धावता पोर पडलं. आता हा माणूस मॅसिडोनियात सर्वांत दुःखी असेल नाही का, असं पोलस उपहासाने विचारतो. अथेन्समध्ये असा कोण आहे ज्याला त्याच्या जागी बसायला आवडणार नाही?

उदाहरण निवडलंय नेमकं. आर्केलाओस कुणी किरकोळ गुंड नव्हता. इतिहासकार थ्युसिडिडीज लिहितो की त्याने किल्ले बांधले, सरळ रस्ते काढले, आणि घोडे-शस्त्रं यांची तयारी आधीच्या आठ राजांनी मिळून केली नव्हती इतकी केली. युरिपिडीजसारखा नाटककार आयुष्याच्या शेवटी त्याच्या दरबारी गेला. लोकांना हेवा वाटावा असाच तो होता.

सॉक्रेटीस मात्र गोष्टीने हलत नाही. तो म्हणतो, तू कोर्टातल्या वकिलासारखं खंडन करतोयस. साक्षीदार आण म्हटलं तर तुझ्या बाजूने सगळं अथेन्स उभं राहील, सेनापती निकियास आणि त्याचे भाऊ येतील, पेरिक्लीसचं सगळं घराणं येईल. मी एकटा असलो तरी मानणार नाही. माझ्या बाजूचा साक्षीदार एकच, तो म्हणजे तू. तुझी साक्ष मिळाली नाही तर मी काहीच साधलं नाही. पोलस छळाची वर्णनं करतो: कटात सापडलेल्या माणसाला पिळून काढतात, डोळे जाळतात, खांबाला ठोकतात, तरी तो सुखी? सॉक्रेटीस म्हणतो, हे बागुलबुवा दाखवणं झालं, खंडन नाही. पोलस हसतो. हेही खंडनाचा प्रकार आहे का, असं सॉक्रेटीस विचारतो, आणि पुन्हा बजावतो की मला एकाच माणसाचं मत घेता येतं, ज्याच्याशी मी बोलतोय त्याचं. जमावाशी मी बोलतच नाही.

मग प्रश्न सुरू होतात. इथे सावकाश जायला हवं.

जास्त वाईट काय, अन्याय करणं की सोसणं? सोसणं, पोलस म्हणतो. आणि जास्त लाजिरवाणं काय? करणं. मग लाजिरवाणं असेल तर वाईटही असेल? मुळीच नाही. म्हणजे पोलसच्या मनात दोन वेगळी मापं आहेत. एक 'चांगलं-वाईट', म्हणजे माणसाच्या फायद्या-तोट्याचं. दुसरं 'सुंदर-ओंगळ', 'शोभणारं-न शोभणारं'. ग्रीक माणूस देखण्या शरीराला आणि उदात्त कृत्याला एकाच शब्दाने वाखाणत असे, तेव्हा या दुसऱ्या मापात रूपही येतं आणि वागणूकही. पोलसचा सगळा बचाव ही दोन मापं वेगळी ठेवण्यावर उभा आहे. ती एकमेकांत मिसळली की तो संपला.

सॉक्रेटीस ती मिसळायला लागतो, आणि सुरुवात करतो अगदी निरुपद्रवी जागेवरून. सुंदर शरीरांना आपण सुंदर का म्हणतो? एक तर ती कशाला तरी उपयोगी असतात म्हणून, नाहीतर त्यांच्यात काही आनंद असतो म्हणून, म्हणजे पाहताना ती पाहणाऱ्यांना आनंद देतात म्हणून. याखेरीज आणखी काही सांगता येईल? नाही, पोलस म्हणतो. आकार, रंग यांचंही तसंच ना? हो. आवाज, संगीत? हो. कायदे आणि रीतीही याबाहेर नाहीत, आनंददायक तरी असतात किंवा उपयुक्त तरी? नाहीत बाहेर. विद्यांचं सौंदर्यही तसंच?

इथे पोलस नुसतं 'हो' म्हणत नाही, शाबासकी देतो: आता तुम्ही सुंदरची व्याख्या छान करताय सॉक्रेटीस, आनंदाने आणि चांगल्याने!

मला सगळ्या प्रकरणात हे वाक्य कळीचं वाटतं. पोलस खूश का झाला ते उघड आहे. व्याख्येत 'आनंद' आला, आणि आनंद हे त्याच्या आवडीचं चलन. सॉक्रेटीस आपल्या बाजूला सरकतोय असं त्याला वाटलं असावं. या खुशीत त्याच्या लक्षात आलं नाही की शरीरांपासून विद्यांपर्यंत येता येता 'पाहणाऱ्यांना' हा शब्द गळून पडलाय. पहिल्या उदाहरणात आनंद कुणाला होतो ते स्पष्ट सांगितलं होतं. शेवटच्या सूत्रात नुसताच 'आनंद' उरला, कुणाचा ते नाही. आणि ते सूत्र या रूपात पक्कं केलं सॉक्रेटीसने नव्हे, पोलसने.

पुढचं भराभर होतं. सुंदर जर आनंद आणि चांगलं यांनी ठरत असेल तर ओंगळ त्याच्या उलट, म्हणजे वेदना आणि वाईट यांनी ठरणार. हो. मग दोन गोष्टींतली एक जास्त ओंगळ असेल तर ती वेदनेत तरी वरचढ असेल, वाईटपणात तरी, किंवा दोन्हींत. अटळच. अन्याय करणं जास्त ओंगळ, असं तू म्हणालास ना? म्हणालो. मग करणाऱ्यांना सोसणाऱ्यांपेक्षा जास्त वेदना होतात का? ते तर मुळीच नाही. वेदनेत वरचढ नाही, म्हणजे दोन्हींतही नाही. उरला वाईटपणा. म्हणजे अन्याय करणं सोसण्यापेक्षा जास्त वाईट. मग कमी वाईट आणि कमी ओंगळ सोडून तू जास्त वाईट आणि जास्त ओंगळ पत्करशील? सॉक्रेटीस त्याला धीर देतो: उत्तर द्यायला कचरू नकोस, तुला काही इजा होणार नाही, वैद्याच्या हाती द्यावं तसं स्वतःला युक्तिवादाच्या हाती दे. नाही पत्करणार, पोलस म्हणतो. आणि दुसरं कुणी? नाही, निदान या युक्तिवादानुसार तरी.

आता फट कुठे आहे ते पाहू. १९६७ साली ग्रेगरी व्लास्तॉस या अभ्यासकाने एका छोट्या निबंधात नेमका हाच प्रश्न घेतला की पोलसचं खंडन झालं का, आणि दाखवलं की व्याख्येत आनंद पाहणाऱ्याचा होता, पण लावताना वेदना करणाऱ्याची मोजली. व्याख्येशी इमान राखायचं तर विचारायला हवं होतं की अन्याय घडताना पाहणाऱ्याला, ऐकणाऱ्याला कशाचा जास्त त्रास होतो, करणाऱ्याच्या कृत्याचा की सोसणाऱ्याच्या हालांचा. याचं उत्तर 'करणाऱ्याच्या कृत्याचा' असं येऊ शकतं. तसं आलं तर अन्याय करणं वेदनेत वरचढ ठरतं, पाहणाऱ्याच्या वेदनेत, आणि मग ते वाईटपणातही वरचढ आहे असं मानण्याची सक्ती उरत नाही.

ही चूक कोणत्या जातीची, ते अ‍ॅरिस्टॉटलने 'सोफिस्टांची खंडनं' या ग्रंथात नोंदवून ठेवलंय (सोफिस्ट म्हणजे पैसे घेऊन वक्तृत्व आणि वाद शिकवणारे). खरं खंडन व्हायचं तर विधान आणि त्याचा नकार एकाच गोष्टीबद्दल, एकाच अंगाने, एकाच संदर्भात हवेत. त्याचं उदाहरण साधं आहे: दोन ही संख्या एकाची दुप्पट आहे, पण तिनाची नाही. दुप्पट कशाची हे सोडून दिलं तर दोन दुप्पट आहे आणि नाही असं दोन्ही सिद्ध करता येईल. इथेही आनंद कुणाचा, वेदना कुणाची, हे सोडून दिलं गेलं.

याहून मोठी फट मला पुढच्या पायरीवर दिसते. धरून चालू की वेदनेचा मुद्दा निकालात निघाला आणि अन्याय करणं 'वाईटपणात' वरचढ ठरलं. पण वाईट कुणासाठी? कोणताही समंजस अथेनियन म्हणाला असता की अन्याय लाजिरवाणा, कारण त्याने नगराचं वाटोळं होतं. मग आर्केलाओस खुशाल म्हणू शकतो की वाईट मॅसिडोनियाचं झालं, चांगलं माझं. 'जास्त वाईट पत्करशील का' या शेवटच्या प्रश्नाला त्यामुळे धारच राहत नाही, कारण तो वाईटपणा पत्करणाऱ्याच्या वाट्याला येतो हे अजून कुणी दाखवलेलंच नाही. सॉक्रेटीसला तेच दाखवायचं होतं, आणि तेच राहून गेलं.

पोलसने काय करायला हवं होतं? अ‍ॅरिस्टॉटलचे नियम त्याच्या हातात नव्हते, पण ते इथे चपखल बसतात. प्रश्न समजला नाही तर 'समजलं नाही' म्हणायचा उत्तर देणाऱ्याला हक्क आहे. प्रश्नाचे दोन अर्थ होत असतील तर 'एका अर्थी खरं, दुसऱ्या अर्थी खोटं' असं वेगळं करून सांगायचं. उदाहरणं मान्य करून सर्वसामान्य नियम नाकारायचा असेल तर उलट उदाहरण द्यायला हवं. नुसतं आडमुठेपणाने 'नाही' म्हणणं हा खेळ बिघडवणं आहे, कारण वाद हे दोघांचं सामाईक काम आहे. म्हणजे पोलसला अडून बसायचं नव्हतं. 'करणाऱ्यांना जास्त वेदना होतात का' या प्रश्नाशी त्याने थांबून म्हणायला हवं होतं: सॉक्रेटीस, मघाशी तुम्ही पाहणाऱ्यांचा आनंद म्हणालात, आता करणाऱ्यांची वेदना विचारताय, यांतलं कोणतं धरू?

तेवढ्याने तो जिंकला असता असं मात्र नाही. सॉक्रेटीसने विचारलं असतं, बरं, पाहणाऱ्याची धर. सात वर्षांच्या मुलाला विहिरीत ढकलताना पाहणाऱ्याला जास्त काय सलतं, मुलाचे हाल की ढकलणारे हात? पोलसला पटकन उत्तर सापडलं नसतं. शिवाय पाहणाऱ्याला ते कृत्य का सलतं, हा पुढचा प्रश्न ठरलेलाच होता. निकाल लागला नसता, पण वाद खऱ्या जागी पोचला असता.

कॅलिक्लीसचं निदान वेगळं आहे. पोलस हरल्यावर तो आधी कैरेफॉनला विचारतो की सॉक्रेटीस हे मनापासून बोलतोय की थट्टा करतोय, आणि मग स्वतः मैदानात उतरतो. त्याच्या मते पोलस फसला तो अगदी सुरुवातीला, अन्याय करणं जास्त लाजिरवाणं असं कबूल केलं तिथेच. मनातलं बोलायची त्याला लाज वाटली. निसर्गाने पाहिलं तर जे जास्त वाईट तेच जास्त लाजिरवाणं, म्हणजे सोसणं. करणं लाजिरवाणं हे केवळ रूढीने. आणि सॉक्रेटीस लबाडीने एकातून दुसऱ्यात उडी मारतो: समोरचा रूढीने बोलला की हा निसर्गाने विचारतो. अ‍ॅरिस्टॉटलने हे कॅलिक्लीसच्या नावानिशी उद्धृत केलंय, लोकांना विपरीत बोलायला लावण्याची सर्वांत व्यापक युक्ती म्हणून.

कॅलिक्लीसने जागा बरोबर हेरली, पण पोलसने ती कबुली केवळ लोकलाजेस्तव दिली हे मला पटत नाही. पुरावा पोलसच्याच गोष्टीत आहे. आर्केलाओसचं सामर्थ्य दाखवायचं तर त्याचे किल्ले, घोडे, दरबार सांगता आले असते. पोलसने निवडलं ते दारू पाजलेला काका, विहिरीतलं पोर, आणि त्याच्या आईला सांगितलेली हंसाची थाप. ऐकणाऱ्याच्या अंगावर काटा यावा म्हणूनच हा तपशील तिथे आहे. अन्याय करणं लाजिरवाणं नसतं तर या गोष्टीत काही दमच राहिला नसता. पोलसला ते कृत्य ओंगळ वाटतं आणि त्या कृत्याने मिळालेली गादी हवीशीही वाटते, ही दोन्ही त्याची खरी मतं आहेत. सॉक्रेटीसच्या प्रश्नांनी ती शेजारी शेजारी आणून ठेवली. युक्तिवादाच्या पायऱ्या कच्च्या असल्या तरी हे काम झालं, आणि या कलेचं मोल मला तिथे दिसतं. गंमत म्हणजे व्लास्तॉसने दाखवलेल्या फटीतून बाहेर पडायला लागणारा पुरावाही याच गोष्टीत होता. ऐकणाऱ्याला करणाऱ्याच्या कृत्याने किती वेदना होते, हे पोलसने सगळ्यांना आधीच अनुभवायला लावलं होतं. फक्त योग्य क्षणी त्याला ते आठवलं नाही.

पोलस आणखी थोडा वेळ उत्तरं देत राहतो. शिक्षा चुकवणाऱ्यापेक्षा शिक्षा भोगणारा बरा, हेही त्याच्याकडून वदवून घेतलं जातं. शेवटी तो म्हणतो की मला हे विचित्रच वाटतं सॉक्रेटीस, पण तुमच्या आधीच्या बोलण्याशी बहुधा जुळतं. सॉक्रेटीसने मागितली होती ती साक्ष ही नव्हे. त्याला हवा होता साक्षीदार म्हणून पोलस. मिळाला तो 'या युक्तिवादानुसार' अशी अट घालणारा पोलस. तरीही ती अट ऐकल्यावर सॉक्रेटीसने लगेच जाहीर केलं होतं की मी खरं बोलत होतो, तू, मी किंवा आणखी कुणीही अन्याय करणं पत्करणार नाही. त्याच्याच मापाने पाहिलं तर ही घाई होती.

कॅलिक्लीसशी वाद फार लांबतो आणि कडवटही होतो. तो अखेर उत्तरं द्यायचं नाकारतो, आणि सॉक्रेटीसला प्रश्न आणि उत्तर दोन्ही बाजू स्वतःच चालवाव्या लागतात. तिथे तो म्हणतो की ही मतं लोखंडाच्या आणि वज्राच्या युक्तिवादांनी बांधलेली आहेत. आणि लागलीच पुस्ती जोडतो की हे असं का आहे ते मला माहीत नाही, पण मला जे जे भेटले त्यांतल्या कुणालाही याविरुद्ध बोलून हसं झाल्याशिवाय राहता आलं नाही. इथे त्याने निष्कर्षाच्या पक्केपणाचं कारण भेटलेल्या उत्तरदात्यांवर ठेवलं आहे, आणि ते प्रामाणिक आहे. पोलस त्यांतला एक होता. त्याच्याऐवजी 'कुणाला?' एवढं विचारणारा कुणी त्या दिवशी समोर असता, तर सॉक्रेटीसला अन्याय करणाऱ्याच्या स्वतःच्या आत्म्याचं काय बिघडतं ते तिथल्या तिथे सांगावं लागलं असतं. प्लेटोने ते काम हाती घेतलं, पण नंतर, 'रिपब्लिक'मध्ये, आणि तिथे त्याला दहा पुस्तकं लागली.